टाचणीभोवतीचं हिरवं कडं

ही गोष्ट खरी आहे.

ज्यांना पटणार नाही त्यांच्याशी मी हुज्जत घालणार नाही. माझ्या मावसबहिणीच्या घरात हे घडलं, ती अजून त्याच घरात राहते, आणि तिला विचारूनच मी हे लिहितेय. ती एवढंच म्हणाली, "लिही. पण मीठमसाला लावू नकोस."

नाही लावत.

अंधारी रात्र नव्हती. ओसाड रस्ता नव्हता. हे सगळं घडलं भर दुपारी, तिसऱ्या मजल्यावरच्या दोन खोल्यांच्या घरात. खाली पोरं सायकली फिरवत होती. भिंतीपलीकडे शेजाऱ्यांचं वॉशिंग मशीन थरथरत होतं.

आणि तरीही...

माझ्या या बहिणीला लहानपणापासून सगळं नीट लागतं. चपला नीट, उशा नीट, चादरीला एक सुरकुती चालायची नाही. म्हणून ती नीटू. माझ्याहून मोठी म्हणून नीटूताई. ऑनलाइन गेम बनवणाऱ्या एका कंपनीत ती कामाला आहे, घरूनच. कुणाचा गेम खेळता खेळता धाडकन बंद पडला, की त्याची तक्रार हिच्याकडे येते.

नीटूताई सांगायची, दहातल्या नऊ वेळा दोष गेमचा नसतोच. लोकांच्या कॉम्प्युटरवर बाहेरचे प्रोग्रॅम चालू असतात. कुणी स्क्रीन रेकॉर्ड करत असतं, कुणी कीबोर्डचे दिवे रंगीबेरंगी केलेले असतात, कुणी खेळताना एकमेकांशी बोलायला काहीतरी घेतलेलं असतं. हे पाहुणे गेमच्या मांडीवर येऊन बसतात, आणि गेम मान टाकतो.

मग उपाय एकच. सगळ्या पाहुण्यांना बाहेर काढायचं. घर शांत झालं, की एकेकाला परत आत घ्यायचं. ज्याच्या पायगुणानं भांडण लागेल, तो चोर.

आणि एवढ्यानंही भागलं नाही, तर शेवटचा मार्ग. ग्राहकाच्या सगळ्या सेटिंग्ज जशाच्या तशा आपल्या कॉम्प्युटरवर उतरवून घ्यायच्या. बिघाड आपल्या डोळ्यांसमोर घडवून बघायचा. तो आपल्याकडे घडल्याशिवाय सापडत नाही. तिच्या कामात सगळे असंच करतात.

बिघाड घरी आणतात.

पिल्लू तेव्हा वर्षाची व्हायची होती. पिल्लू म्हणजे नीटूताईची लेक, माझी भाची. धरून उभी राहायची, हात सोडला की बदकन बसायची आणि स्वतःवरच खळखळून हसायची. ते हसणं असं होतं, की जिन्यातून जाणारा अनोळखी माणूससुद्धा थांबून हसायचा. भाऊजी पहाटेच बेकरीत जायचे, संध्याकाळी यायचे. दुपारी घरात या दोघीच. पिल्लू आतल्या खोलीत पाळण्यात झोपली, की नीटूताई बाहेरच्या खोलीत कानाला हेडफोन लावून बसायची. एक कान झाकलेला. एक उघडा, लेकीसाठी.

अशाच एका दुपारी ती तक्रार आली.

गेम साधाच होता. मारामारी नाही, गोळ्या नाहीत. एक तळं आहे, काठावर बसून मासे पकडायचे, मागे वाफ्यात भाज्या लावायच्या. तक्रार करणारी बाई शिवणकाम करणारी निघाली. बायकांचे कपडे शिवायचं दुकान. दुपारी शटर अर्धं ओढायची आणि जेवणाचा डबा शेजारी ठेवून गेम लावायची. नीटूताई तिला टेलरकाकू म्हणायला लागली. आवाज वयस्कर, पण खणखणीत. या वयात गेम खेळता याचं कौतुक केल्यावर काकू म्हणाल्या, "का गं, केस पिकले की मासे गळाला लागत नाहीत का?"

दोघी हसल्या. काम सुरू झालं.

सगळे बाहेरचे प्रोग्रॅम बंद केले. गेम झकास चालला. मग एकेक चालू करायला घेतला. प्रिंटरचा, काही नाही. व्हायरस पकडणारा, काही नाही. मग राहिला शेवटचा. बोलायचा प्रोग्रॅम. छोटासा, जुना, कुणीतरी हौसेनं बनवलेला. दोघा-चौघांची एक खोली करायची, आणि खेळताना त्या खोलीत गप्पा मारायच्या. स्क्रीनच्या कोपऱ्यात प्रत्येकाच्या नावाची टिकली दिसते. जो बोलतो, त्याच्या टिकलीभोवती हिरवं कडं पेटतं.

तो चालू केला. थोडा वेळ गेला...

गेम बंद.

नीटूताईला हायसं वाटलं. इतकं सोपं प्रकरण फार दिवसांनी आलं होतं. ती म्हणाली, "काकू, सापडला चोर. हा प्रोग्रॅम काढून टाका, गेम पुन्हा कधी बंद पडणार नाही."



पलीकडे मागे चाललेलं शिलाई मशीन थांबलं. दुकानात मदतीला कुणी असेल, तिला काकूंनी हातानं थांबवलं असावं.

"तो नको काढायला," काकू म्हणाल्या.

मग हळूहळू सगळं बाहेर आलं. तो प्रोग्रॅम काकूंच्या लेकीनं टाकून दिला होता. लेक शिकायला दूरच्या शहरात, खोली घेऊन राहायची. आईला करमत नाही म्हणून तिनंच हा गेम शिकवला. रोज दुपारी दोघी तळ्याकाठी बसायच्या आणि गप्पा मारायच्या. बोलायच्या खोलीला लेकीनं नाव दिलं होतं दुपार. आईचं नाव ठेवलं होतं दोरा. स्वतःचं, टाचणी.

गेल्या वर्षी साध्या तापाचं निमित्त झालं आणि टाचणी गेली.

ती शेवटची दुपारसुद्धा दोघींनी तळ्याकाठीच काढली होती. बोलता बोलता लेक म्हणाली, "आई, मी..." आणि आवाज तुटला. काकूंना वाटलं इंटरनेट गेलं असेल. त्यांनी डबा धुतला, शटर वर केलं आणि कामाला लागल्या. संध्याकाळी तिच्या घरमालकिणीचा फोन आला.

"तेव्हापासून रोज बसते," काकू म्हणाल्या. "सवय गं. कुणी येणार नाही ठाऊक असतं. आणि या महिन्यात एक दिवस... कडं पेटलं."

"कुणाचं?"

"टाचणीचं."

नीटूताईच्या उघड्या कानाला पिल्लूचा श्वास ऐकू येत होता. तिला सर्दी झाली होती, श्वासाला बारीक शिट्टी होती.

"आवाज तिचाच आहे. 'आई, मी...' एवढंच येतं. आणि तुमचा गेम बंद पडतो. रोज तेवढंच. मी काय, ते कळतच नाही."

नीटूताईनं जमेल तेवढं समजावलं. कुठेतरी जुना आवाज साठून राहिला असेल. लेकीच्या नावानं दुसरंच कुणी शिरत असेल. काकूंनी शांतपणे सांगितलं की लेकीचा लॅपटॉप त्यांच्याच कपाटात आहे, बॅटरी फुगून केव्हाचा मेलाय. आणि मग म्हणाल्या, "मला गेम दुरुस्त करून नकोय, पोरी. मला तिचं वाक्य पुरं ऐकायचंय."

आता सांगा. आत लेक झोपलेली असताना कुठली आई याला नाही म्हणेल?

नीटूताईनं शेवटचा मार्ग धरला. काकूंच्या कॉम्प्युटरवरच्या सगळ्या सेटिंग्ज, त्या प्रोग्रॅमसकट, आपल्या लॅपटॉपवर उतरवून घेतल्या. प्रोग्रॅम उघडताना मध्येच एक चौकट आली. "ही खोली सध्या दुसऱ्या कॉम्प्युटरवर आहे. इथे आणायची का?"

अशा चौकटी दिवसभर येत असतात. कोण वाचतंय.

तिनं "हो" दाबलं.

तळं आलं. काठ आला. पाण्यावर उन्हाचे तुकडे हलत होते. कोपऱ्यात दोन टिकल्या दिसल्या. दोरा, कारण सेटिंग्ज काकूंच्या होत्या. आणि दुसरी, टाचणी. राखाडी. विझलेली.

नीटूताई वाट बघत बसली.

थोड्या वेळानं तिच्या लक्षात आलं, की खालच्या सायकलींच्या घंट्या ऐकू येत नाहीयेत. शेजारचं वॉशिंग मशीनही थांबलंय. इतकं शांत घर तिनं कधी ऐकलंच नव्हतं.

आणि मग...

टाचणीभोवती हिरवं कडं पेटलं.

"आई, मी..."

तरणा आवाज. किंचित थकलेला. नीटूताईनं श्वास रोखला. गेम आता बंद पडणार.

गेम बंद पडला नाही.

"आई, मी जरा पडते."

बस. एवढंच. कॉलेजातून दमून आलेली कुठलीही पोरगी म्हणेल, तसं.

नीटूताईच्या डोळ्यांत पाणी आलं. वर्षभर एक बाई या चार शब्दांसाठी तडफडत होती. तिनं फोन उचलायला हात पुढे केला...

कडं अजून हिरवंच होतं.

हेडफोनमध्ये कॉट करकरली. कुणीतरी अंग टाकल्यासारखी. मग पंख्याचा आवाज. टक... टक... टक... प्रत्येक फेऱ्याला एक अडखळ. तिला तो पंखा ओळखीचा वाटला. आणि त्या पंख्याखाली, अगदी हळू, एक बारीक शिट्टी.

सर्दी झालेल्या बाळाच्या श्वासाची.

नीटूताईनं हेडफोन काढला.

टक... टक... टक...

आतल्या खोलीतून.

ती उठली कशी, पडद्यापर्यंत गेली कशी, तिला आठवत नाही. पडदा बाजूला केला. पिल्लू पाळण्यात गाढ झोपली होती, मुठी कानाशी. पाळण्याला लागून कॉट. त्या कॉटवरची चादर नीटूताईनं सकाळी स्वतः ताणून घातली होती. तिच्या हातची चादर कशी असते ते मी आधीच सांगितलंय.

चादरीला मधोमध खळगा पडला होता.

उशी पाळण्याच्या बाजूला सरकली होती. कुशीवर वळून कुणी बाळाकडे बघत झोपावं, तशी.

तिनं पिल्लूला उचललं आणि बाहेर जिन्यात जाऊन उभी राहिली. बराच वेळ. खाली पोरं सायकली फिरवत होती. घंट्या पुन्हा वाजत होत्या.

काकूंना फोन करणं भागच होतं. तिनं वाक्य सांगितलं. फक्त वाक्य. "आई, मी जरा पडते."

मग काकू म्हणाल्या, "अशीच म्हणायची गं. शाळेतून आली की दप्तर टाकायची आणि अशीच म्हणायची."

नीटूताईनं पिल्लूला दुसऱ्या खांद्यावर घेतलं.

"मग?" काकूंनी विचारलं. "झोपली का?"

नीटूताईनं अर्ध्या उघड्या दारातून आत पाहिलं. पडदा हलत नव्हता.

"हो काकू," ती म्हणाली. "झोपलीय."

संध्याकाळी भाऊजींना सगळं सांगितलं. भाऊजींना भुताखेतांचं वावडं. त्यांनी ऐकून घेतलं, पाना काढला आणि कॉटचे नटबोल्ट आवळून टाकले. स्वतः वर चढून बसले, उड्या मारून दाखवल्या. कॉट मुकी. "गेलं तुझं भूत," म्हणाले. "पंख्याचं उद्या बघतो."

दुसऱ्या दिवशी दुपारी नीटूताईनं हेडफोन कानाला लावला.

कडं पेटलं.

आणि कॉट करकरली. हेडफोनमध्ये. उघड्या कानाला मात्र काहीच नाही...

तुम्ही म्हणाल, तिनं त्याच क्षणी तो प्रोग्रॅम उडवायला हवा होता. मीही तेच म्हणाले. तिनं मला विचारलं, "उडवला आणि ती इथंच राहिली तर? प्रोग्रॅममुळं निदान ती कुठं आहे ते तरी कळतंय."



आणि खरं सांगू का, तिला हळूहळू भीतीही वाटेनाशी झाली. कारण पिल्लू. जी पोर दुपारी सारखी दचकून उठायची, ती आता छान झोपायला लागली. जाग आली तरी रडायची नाही. हेडफोनमध्ये टाचणीचा आवाज यायचा. ती जिभेनं शिलाई मशीनचा आवाज काढायची. टकटकटकटक... मग थांबायची... मग पुन्हा टकटकटकटक. आणि आतल्या खोलीत पिल्लू खळखळून हसायची. नीटूताई पडद्याआडून बघायची. पाळण्यात पिल्लू एकटी, आणि नजर कॉटवर खिळलेली.

नीटूताईची साठलेली कामं उरकायला लागली. एक दिवस तिनं निवांत डोक्यावरून अंघोळ केली. मला फोनवर म्हणाली, "घरात एक मोठी मुलगी असल्यासारखं वाटतं गं."

तिकडून काकूंचा फोन आला. त्यांचा आवाज पडला होता.

"तुझा गेम आता बंद पडत नाही बघ. मस्त चालतो. तास तास चालतो." थोडं थांबून म्हणाल्या, "ती येत नाही गं आता. तिचं नावसुद्धा दिसत नाही."

नीटूताईला आत्ता ती चौकट आठवली. "इथे आणायची का?" आणि आपण दाबलेलं "हो".

आईचं लेकरू आपण आपल्या घरी आणून ठेवलंय.

तिनं सांगायला तोंड उघडलं. नेमकी त्याच वेळी हेडफोनमधून टाचणी बोलली. नीटूताईशी नाही. लाडानं, हळूच, एखाद्या बाळाशी बोलावं तसं.

"चल, जाऊया?"

नीटूताई फोन तसाच टाकून धावली.

पिल्लू पाळण्यात नव्हती.

पाळण्याचा कठडा तिच्या छातीएवढा उंच. त्यावरून ती एकटी कधीच उतरू शकली नसती. ती खोलीच्या मधोमध उभी होती. कशालाही न धरता. एक हात वर केलेला, मूठ अर्धवट मिटलेली... कुणीतरी मोठ्या माणसाचं बोट धरल्यासारखी.

आणि तिनं पाऊल उचललं.

नीटूताईनं झडप घालून तिला उचललं. त्या क्षणी पिल्लू रडायला लागली. इतकी रडली, की जणू आपल्यालाच कुणी परकं उचलून नेतंय.

तिला खांद्याशी घट्ट धरून नीटूताई बाहेर आली. फोन अजून चालूच होता. काकू घाबरून हाका मारत होत्या. नीटूताईनं एका दमात सगळं सांगून टाकलं. खळगा, पंखा, मशीनचा आवाज, बोट. वाटलं, काकू चिडतील. काकू फक्त म्हणाल्या, "ती वाईट नाही गं. तिला लहान मुलांचं वेड होतं."

"मला माहितीय काकू. पण ती तुमची आहे. तुम्ही तिला घरी न्या."

काकू म्हणाल्या, "सांग कसं न्यायचं. नेते."

मग दोघी कामाला लागल्या. पिल्लू खांद्यावर हुंदके देत होती, नीटूताई एका हातानं थोपटत होती, दुसऱ्या हातानं कीबोर्ड. आधी तिनं स्वतः त्या खोलीतून बाहेर पडायचं बटण दाबलं. आता तिकडे काकूंनी प्रोग्रॅम उघडायचा. चौकट येईल. "हो" म्हणायचं. खोली परत काकूंकडे जाईल.

ही तिची रोजची पद्धत. हजारदा केलेली.

"आली चौकट," काकू म्हणाल्या. चष्मा नाकावर सरकवून त्या एकेक शब्द वाचू लागल्या. "ही खोली सध्या दुसऱ्या कॉम्प्युटरवर आहे. इथे आणायची का? खोलीत तीन जण आहेत." त्या थांबल्या. "तिघांना आणू का गं?"

नीटूताईच्या डोक्यात हिशेब तयार होता. काकू, टाचणी, आणि मी.

"हो म्हणा," ती म्हणाली.

पलीकडे माउसची टकटक झाली.

इकडे पिल्लूचे हुंदके एकदम थांबले. मान खांद्यावर कलंडली. झोपली. नीटूताईनं सुटकेचा श्वास सोडला. आतल्या खोलीत जाऊन कॉटवरची चादर ताणून घातली, आणि टक लावून बघत उभी राहिली. खळगा पडला नाही. लॅपटॉपवरून तो प्रोग्रॅम मुळापासून काढून टाकला. तक्रार बंद केली.

दुसऱ्या दिवशी दुपारी पिल्लू तिच्या मांडीवर झोपली होती. टेलरकाकूंचा फोन आला.

"पोरी, गेम बंद पडला." काकू रडत होत्या, हसत होत्या. "आज बंद पडला."

इतक्या वर्षांच्या नोकरीत नीटूताईला पहिल्यांदाच कुणीतरी गेम बंद पडला म्हणून आनंदानं सांगत होतं. तिलाही भरून आलं. तिनं विचारलं, आली का, काय म्हणाली.

"बोलली नाही आज. नुसती मशीनचा आवाज काढत होती तोंडानं. लहानपणी माझ्या मशीनखाली बसून काढायची तसा." काकूंनी नाक पुसलं. "आणि तुझी लेक किती गोड हसते गं."

नीटूताईला वाटलं, फोनवर ऐकलं असेल कधीतरी.

"काकू, माझी लेक तर झोपलीय. माझ्या मांडीवर."

"असेल. पण तिथं हसत होती ना. टाचणीच्या मागं. खळखळून हसत होती. आणि मग बंद पडला."

नीटूताईनं खाली पाहिलं.

पिल्लू जागी झाली होती. आईकडे बघत होती. गाल वर गेलेले, डोळे बारीक झालेले, दोन इवले दात दिसत होते, पोट हलत होतं. पिल्लू हसत होती.

आवाज येत नव्हता.

हिशेब तेव्हा लागला. "हो म्हणा" म्हणण्याआधीच नीटूताई त्या खोलीतून बाहेर पडली होती. काकू एक. टाचणी दोन.

तिसरी ती नव्हती.

आज या गोष्टीला बराच काळ लोटला. पिल्लू चालते, पळते, तोंडाचा पट्टा दिवसभर चालू असतो. रडली तर चाळीला जाग येईल असा आवाज आहे. कानाच्या डॉक्टरांना दाखवलं, घशाच्या डॉक्टरांना दाखवलं. सगळे म्हणतात, ठणठणीत आहे. एकानं तर भाऊजींनाच सांगितलं, की मुलांसमोर जरा विनोद करत जा. भाऊजींनी माकडउड्या मारून दाखवल्या. पिल्लू हसून हसून जमिनीवर लोळली.

आवाज आला नाही. भाऊजींनीही त्यानंतर पाना हातात घेतला नाही. पंखा अजून तसाच आहे.

मी तिची मावशी. तिला गुदगुल्या करते, पोटावर फुर्र करते. ती हसते. तोंड उघडं, अंग थरथरतंय. आणि खोलीत फक्त पंखा... टक... टक... टक...

खोली परत आणायचा प्रयत्न नीटूताईनं कितीदा केला. नवा लॅपटॉप घेतला, त्याच सेटिंग्ज पुन्हा उतरवल्या. ती चौकट काही येत नाही.

काकूंना तिनं दोष दिला नाही. काकूंनीच तिला त्या खोलीत पुन्हा बोलावून घेतलं. आता दुपारी पिल्लू झोपली, की नीटूताई हेडफोन लावून तळ्याकाठी बसते. शेजारी काकू बसलेल्या असतात. दोघी फारसं बोलत नाहीत. कोपऱ्यात टिकल्या असतात. दोरा. नीटू. टाचणी. आणि चौथी, बिननावाची.

टाचणीचं कडं पेटतं. टकटकटकटक...

मग चौथ्या टिकलीचं.

नीटूताईच्या लेकीचं हसणं सुरू होतं. ती डोळे मिटून घेते, दोन्ही कान झाकून घेते, आता एकही उघडा ठेवत नाही. हसणं चढत जातं, चढत जातं... आणि ते पुरं व्हायच्या आत गेम बंद पडतो.

रोज.

कुठला प्रोग्रॅम काढला की गेम बंद पडायचा थांबेल, हे तिला ठाऊक आहे. दिवसभर ती लोकांना तेच तर सांगते.

मी एकदा घाबरत घाबरत विचारलं, "ताई, काढून टाकत का नाहीस?"

तिनं माझ्याकडे असं पाहिलं, की मी पुन्हा विचारलं नाही.